आत्या गेल्यावर तिच्या चित्रांचं काय? कोथरूडच्या एका घरातलं प्रकरण

कोथरूडमधली एक जुनी तीन मजली सोसायटी पुनर्विकासाला गेली. दिवाळीपर्यंत सभासदांना घरं रिकामी करून द्यायची होती. दुसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत राहणाऱ्या बाई त्याआधीच्या हिवाळ्यात वारल्या होत्या. वय ऐंशीच्या पुढे, लग्न केलेलं नाही, सगळी नोकरी एका मराठी शाळेत चित्रकला शिकवण्यात गेलेली. ठेवी, दागिने, भांडीकुंडी यांचा निकाल घरच्यांनी लवकर लावला. राहिली ती चित्रं. शंभरावर कॅनव्हास, कागदावरची कामं त्याच्या कितीतरी पट आणि लोखंडी कपाटाचा खालचा खण भरून वह्या. पोटमाळ्यावर, पलंगाखाली, दारामागे, न्हाणीघराच्या वरच्या फळीवरसुद्धा चित्रंच.

वारस दोन. थोरले भाऊ पुण्यात, धाकटी बहीण सांगलीला दिलेली. मृत्युपत्र नव्हतं. हिंदू वारसा कायद्याप्रमाणे अविवाहित बाई मृत्युपत्र न करता गेल्या आणि आईवडील हयात नसले, तर त्यांनी स्वतः कमावलेली मालमत्ता वडिलांच्या वारसांकडे जाते. इथे ते म्हणजे हे दोघं, निम्म्या-निम्म्या हिश्श्याने. धावपळ मात्र भावाच्या मुलाची होती. तो आयटीत, शनिवार-रविवार मोकळा. त्याची बहीण न्यू जर्सीला. मी घरगुती चित्रसंग्रहांच्या नोंदी करून देण्याचं काम करते, म्हणून कुणाच्या तरी ओळखीने त्याने मला बोलावलं. हे प्रकरण घरच्यांच्या परवानगीने लिहिते आहे. नावं त्यांच्याच इच्छेने गाळली आहेत.

बोलावताना त्याने फोनवर विचारलं ते असं: "ताई, एवढंच सांगा, आमची आत्या मोठी चित्रकार होती का? असेल तर ठेवतो, नसेल तर वाटून टाकतो."

हा प्रश्न प्रत्येक घरात येतो आणि त्याच्यामागे मोठ्या चित्रकारांबद्दल ऐकलेली एक गोष्ट उभी असते. चित्रकार उपेक्षेत मरतो, चित्रं अडगळीत पडतात, मग एक दिवस जगाला जाग येते आणि कोटींनी बोली लागते. या भाच्याने तर पेपरातलं कात्रण जपून ठेवलं होतं. वासुदेव गायतोंडे २००१ साली गेले, आणि २०१३ च्या डिसेंबरात मुंबईतल्या लिलावात त्यांच्या एका अमूर्त चित्राला २३ कोटी ७० लाख रुपये आले. "आत्याचीही अमूर्तच आहेत," तो म्हणाला.

त्याच्या मनातलं मला समजत होतं. पण गायतोंड्यांच्या आयुष्याकडे नीट पाहिलं तर ही गोष्ट टिकत नाही. १९४८ मध्ये ते मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयातून पदविका घेऊन बाहेर पडले. १९५७ मध्ये तोक्योच्या तरुण आशियाई चित्रकारांच्या प्रदर्शनात त्यांना पारितोषिक मिळालं. १९६४ मध्ये रॉकफेलर शिष्यवृत्तीवर ते न्यूयॉर्कला गेले आणि १९७१ मध्ये पद्मश्री झाले. वर्षाला मोजकीच चित्रं करणारा, कमी बोलणारा हा माणूस सामान्य प्रेक्षकाला माहीत नव्हता, पण चित्रकारांत त्याचं नाव अतिशय आदराने घेतलं जाई. बाजार उशिरा आला, मान्यता आधीच होती. २०१४ मध्ये न्यूयॉर्कच्या गुगेनहाइम संग्रहालयात त्यांचं मोठं प्रदर्शन झालं, तेव्हा कितीतरी संस्थांकडून आणि खासगी संग्राहकांकडून एकेक चित्र मागून आणावं लागलं. त्यांचं काम एका ठिकाणी नव्हतंच.

मी भाच्याला सांगितलं, की आत्या मोठी होती की नाही याचं उत्तर पोटमाळ्यावरून मिळणार नाही. ते आज मीही देऊ शकत नाही आणि दिवाळीच्या आत तर कुणीच देऊ शकणार नाही. उद्या कुणाला ते उत्तर शोधावंसं वाटलं, तर त्याच्या हाती काही लागावं एवढं मात्र आपल्या हातात आहे. मी या घरात गेले ती एवढ्यासाठीच.

घरातली मतं

पहिल्या बैठकीला काका, म्हणजे आत्याचे थोरले भाऊ, खुर्चीत सरळ बसून होते. ते म्हणाले, "ती शाळेत ड्रॉइंग टीचर होती हो. चित्रं काढायची आवड होती. चित्रकार म्हणजे आमचे देऊसकर."

ते म्हणाले यात तुच्छता नव्हती. पुण्यातल्या त्यांच्या पिढीने चित्र म्हणून जे पाहिलं ते गोपाळ देऊसकरांचं. १९६८ मध्ये उघडलेल्या बालगंधर्व रंगमंदिरात नारायणराव राजहंसांची पुरुषवेषातली आणि स्त्रीवेषातली देऊसकरांनी केलेली चित्रं लागली, आणि नाटकाला जाणाऱ्या प्रत्येक पुणेकराच्या डोळ्यांत ती बसली. शालूच्या जरीचा पोत, चेहऱ्यावरचा उजेड, ओळखू येणारं माणूस. त्या मापाने आत्याचे करडे, मातकट, आकार विरघळत गेलेले कॅनव्हास म्हणजे घरच्यांना अर्धवट सोडलेलं काम वाटायचं. ती पेठेतल्या वाड्यांच्या भिंती रंगवत होती हे कुणाच्या लक्षातच आलं नव्हतं. ओल चढलेली, पोपडे सुटलेली, एकदा खिडकी बुजवलेली भिंत. वाडे पडत गेले तशा तिच्या कॅनव्हासवर भिंती वाढत गेल्या. माझ्या दृष्टीने हे काम मनापासून आणि सलग केलेलं आहे. त्यातली पंचवीस-तीस चित्रं तर कुठल्याही चांगल्या भिंतीवर ताठ उभी राहतील. हे माझं मत. ते मी घरच्यांना मत म्हणूनच सांगितलं.

नोकरीचा मुद्दा मात्र मी काकांशी वाद घालून बोलले. पगार दुसऱ्या कामाचा म्हणून माणूस चित्रकार नाही, हे आधुनिक भारतीय चित्रकलेच्या इतिहासात कुठेच बसत नाही. सुधीर पटवर्धन पुण्यात जन्मले, इथल्याच सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयातून १९७२ मध्ये डॉक्टर झाले आणि १९७५ पासून २००५ पर्यंत ठाण्यात क्ष-किरणतज्ज्ञ म्हणून काम करत राहिले. ठाण्या-मुंबईच्या कामगारवस्त्या, लोकलमधली माणसं, उपनगरांची वाढ यांचं त्यांनी उभं केलेलं चित्रण त्या नोकरीबरोबरच घडत गेलं. बडोद्याचे भूपेन खख्खर सनदी लेखापाल होते, हिशेब तपासून पोट भरत. प्रभाकर बरवे आधी वाराणसीला आणि मग मुंबईला विणकर सेवा केंद्रात नोकरी करत होते. हुसेन सिनेमाचे फलक रंगवत, लहान मुलांच्या फर्निचरचे नमुने काढत. तय्यब मेहतांनी चित्रपट-संकलनाचं काम केलं. काका शांतपणे ऐकत होते. मग म्हणाले, "पटवर्धन डॉक्टर होते हे माहीत नव्हतं." त्यानंतर त्यांनी "ड्रॉइंग टीचर" हा शब्द माझ्यासमोर तरी वापरला नाही.

सांगलीच्या मावशींचं म्हणणं वेगळं होतं. (भाच्याच्या त्या धाकट्या आत्या, पण सगळं घर त्यांना मावशीच म्हणतं.) त्यांना बहिणीची चित्रं नातेवाइकांच्या घरोघर लागलेली हवी होती. "प्रत्येकाकडे तिची आठवण राहील," त्या म्हणाल्या. न्यू जर्सीच्या भाचीला दहा-बारा तिकडे न्यायची होती. आणि याच सुमारास एक खरेदीदार येऊन गेला. त्याने सगळी चित्रं उभ्याउभ्या पाहिली, सरसकट एक रक्कम सांगितली, टेम्पो मी पाठवतो म्हणाला. रक्कम घरच्यांना मोठी वाटली, कारण त्यांनी शून्य धरलेलं होतं.

सरसकट विकण्याचा प्रश्न

इथे मी अमेरिकन चित्रकार मार्क रॉथकोचं प्रकरण सविस्तर सांगितलं. चित्रकाराच्या मागे राहिलेल्या कामाची विल्हेवाट कशी लागू नये, याचा इतका स्पष्ट दाखला दुसरा नाही.

रॉथकोने १९७० च्या फेब्रुवारीत न्यूयॉर्कमध्ये आत्महत्या केली. मागे ७९८ चित्रं होती आणि तीन मित्र मृत्युपत्राचे व्यवस्थापक होते. काही महिन्यांतच त्यांनी मार्लबरो गॅलरीशी करार केला. शंभर चित्रं १८ लाख डॉलरना विकली. त्यातले फक्त दोन लाख आगाऊ, बाकीचे बारा वर्षांत, बिनव्याजी. उरलेली सगळी चित्रं त्याच गॅलरीकडे विक्रीला, निम्म्या दलालीवर. तिघांपैकी एक जण त्या गॅलरीचा पदाधिकारीही होता. दुसरा स्वतः चित्रकार, आणि त्याच गॅलरीशी जोडलं जाण्यात त्याचं हित गुंतलेलं होतं. रॉथकोची मुलगी केट तेव्हा एकोणीस वर्षांची. तिने दावा लावला. १९७५ च्या निकालात न्यायालयाने व्यवस्थापकांना काढलं, करार रद्द केले आणि ९० लाख डॉलरहून अधिक रकमेचा भुर्दंड बसवला. पुढे १९८० च्या दशकात रॉथको प्रतिष्ठानाने आपल्याकडची चित्रं वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय कलादालनासह अनेक संग्रहालयांना दिली, म्हणून आज ती लोकांना पाहता येतात.

कोथरूडच्या घरी आलेला खरेदीदार लबाड होता असं मी म्हणत नाही. मला त्याच्याबद्दल काही माहिती नाही. पण किंमत ठरवणारा आणि विकत घेणारा एकच असेल, आणि विकणाऱ्याकडे आपल्या मालाची यादीसुद्धा नसेल, तर तो व्यवहार करायचा नाही. भाचा म्हणाला, "आमच्याकडे ऑडिटशिवाय स्टॉक विकतच नाहीत." त्याला मुद्दा लगेच पटला. खरेदीदाराला कळवलं की यादी झाल्यावर बोलू. त्याचा पुन्हा फोन आला नाही.

या टप्प्यावर कायद्याची एक गोष्ट घरच्यांना नवी होती. चित्र विकलं तरी त्याचा कॉपीराइट आपोआप विकला जात नाही. तो चित्रकाराकडे आणि नंतर वारसांकडे राहतो. भारतीय कायद्यात तो मृत्यूनंतरच्या वर्षापासून ६० वर्षं टिकतो. आत्याचं चित्र कुणाच्या दिवाणखान्यात असेल, पण ते दिनदर्शिकेवर छापायचं तर परवानगी भाऊ-बहिणीची. शिवाय मूळ चित्र पुढे दहा हजार रुपयांहून जास्त किमतीला पुन्हा विकलं गेलं, तर त्यातला हिस्सा मागण्याची तरतूदही १९५७ च्या कायद्यात नंतर घातली गेली आहे. व्यवहारात ती फारशी वापरली जात नाही, पण आहे. अमेरिकेला नेण्याबद्दल भाचीला भीती होती की सीमाशुल्कवाले अडवतील. देशाबाहेर नेता येत नाहीत ती शंभर वर्षांवरची पुरावस्तू आणि कलानिधी म्हणून जाहीर झालेल्या मोजक्या चित्रकारांची कामं. रविवर्मा, अमृता शेरगिल, जामिनी रॉय, नंदलाल बोस, रवींद्रनाथ ही त्यातली नावं. आत्याच्या चित्रांना ती अडचण नव्हती.

नातेवाइकांत वाटण्याचा प्रश्न

मावशींचं म्हणणं मोडून काढणं मला सगळ्यात जड गेलं, कारण त्यात प्रेम होतं. पण चित्रं घरोघर वाटली की पहिल्या पिढीत आठवण राहते, दुसऱ्या पिढीत भिंतीचा रंग बदलतो आणि चित्र माळ्यावर जातं, तिसऱ्या पिढीत ते कुणाचं हे सांगणारं माणूस नसतं. एखाद्या चित्रकाराची वाढ कळायला त्याची कामं शेजारी-शेजारी ठेवून पाहावी लागतात. अमृता शेरगिल १९४१ च्या डिसेंबरात लाहोरला गेल्या, वय अवघं २८. आज दिल्लीच्या जयपूर हाउसमध्ये, म्हणजे राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात, पॅरिसच्या शिक्षणाच्या काळातली चित्रं आणि भारतात परतल्यावरची चित्रं एकामागून एक पाहता येतात, रंग कसा बदलला, माणसं कशी स्थिर आणि जड होत गेली हे डोळ्यांना दिसतं. ते का दिसतं? कारण त्यांच्या पतीने आणि घरच्यांनी कामाचा मोठा भाग एकत्र राष्ट्राकडे सोपवला, आणि १९५४ मध्ये राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालय उघडलं तेव्हा तो त्याचा गाभा झाला. फाळणीच्या त्या धामधुमीत कॅनव्हास इकडेतिकडे गेले असते, तर शेरगिल हे नाव राहिलं असतं, पण प्रवास दिसला नसता.

पुण्याच्या माणसाला हे फार समजावावं लागत नाही. दिनकर केळकरांनी आयुष्यभर जमवलेल्या वस्तू १९७५ मध्ये एकत्रच राज्य शासनाला दिल्या, म्हणून बाजीराव रस्त्याजवळ ते संग्रहालय उभं आहे. मी मावशींना तेवढंच म्हटलं. त्या काही वेळ बोलल्या नाहीत, मग म्हणाल्या, "पण आईचं चित्र मी देणार नाही." ते त्यांच्या आईचं तरुणपणी केलेलं तैलचित्र, आत्याच्या अगदी सुरुवातीच्या कामांपैकी. त्यावर आम्ही नंतर आलो.

जोहानाची वही

भाच्याला सगळ्यात जास्त पटली ती व्हॅन गॉगची गोष्ट, पण व्हिन्सेंटची नाही, त्याच्या भावजयीची.

व्हिन्सेंट जुलै १८९० मध्ये गेला. त्याला आधार देणारा भाऊ थिओ सहा महिन्यांत, जानेवारी १८९१ मध्ये गेला. मागे थिओची बायको जोहाना, वय २८, मांडीवर वर्षाचं मूल आणि घरभर चित्रं. व्हिन्सेंट पूर्ण अज्ञात होता हेही तितकंसं खरं नाही. शेवटच्या वर्षी एका तरुण पॅरिसकर समीक्षकाने त्याच्यावर भरभरून लिहिलं होतं आणि ब्रसेल्सच्या प्रदर्शनातून त्याचं एक चित्र ४०० फ्रँकना विकलंही गेलं होतं. पण ठिणगी पडली म्हणून आग धरतेच असं नाही.

जोहानाने हॉलंडमध्ये बुसुम नावाच्या गावी खाणावळीसारखं घर चालवलं, भाडेकरू ठेवले, भाषांतरं केली. चित्रं तिने भिंतींवर लावली. थिओपासून चालत आलेली हिशेबाची वही तिने पुढे चालू ठेवली. त्यात कुठलं चित्र कुणाला, कितीला, हे लिहिलेलं आहे. १९०५ मध्ये ॲम्स्टरडॅमच्या स्टेडेलिक संग्रहालयाच्या जागेत तिने साडेचारशेहून अधिक कामांचं प्रदर्शन स्वतः भरवलं. विकायची आणि न विकायची चित्रं ती मिसळून पाठवायची, म्हणजे उत्तम कामं लोकांना दिसायची आणि घरीही राहायची. व्हिन्सेंटची थिओला लिहिलेली पत्रं तिने लावली, तारखा शोधल्या, आणि १९१४ मध्ये ती तीन भागांत छापली. लंडनच्या राष्ट्रीय कलादालनाने सूर्यफुलांचं चित्र मागितलं तेव्हा आधी ती नाही म्हणाली. मग व्हिन्सेंटच्या कीर्तीसाठी हा त्याग करायला हवा असं ठरवून १९२४ मध्ये तिने ते दिलं. पुढच्या वर्षी ती वारली. तिच्या मुलाने उरलेला संग्रह प्रतिष्ठानाकडे सोपवला आणि १९७३ मध्ये ॲम्स्टरडॅमचं व्हॅन गॉग संग्रहालय उघडलं.

म्हणजे व्हिन्सेंटच्या चित्रकार म्हणून गेलेल्या दहा वर्षांमागे जोहानाची पस्तीस वर्षं आहेत. तिने चित्र काढलं नाही, पण यादी केली, निवड केली, पत्रं वाचली, नाही म्हटलं, हो म्हटलं. मला हे काम चित्रकलेच्या इतिहासातल्या मोठ्या कामांपैकी एक वाटतं.

आणि हे काम करूनही दार लगेच उघडेलच असं नाही. स्वीडनच्या हिल्मा आफ क्लिंट यांनी हजारावर चित्रं आणि वह्यांची हजारो पानं पुतण्याकडे सोपवली, आपल्यामागे वीस वर्षं काही कामं दाखवू नयेत असं सांगितलं, आणि १९४४ मध्ये त्या गेल्या. पुतण्या नौदलात अधिकारी होता. त्याने सगळं एकत्र जपलं. १९७० च्या सुमारास त्याने तो ठेवा स्टॉकहोमच्या आधुनिक कला संग्रहालयाला देऊ केला तर त्यांनी घेतला नाही. त्याने संस्था काढली. पहिलं लक्षवेधी दर्शन झालं १९८६ मध्ये, लॉस एंजेलिसला. २०१८-१९ मध्ये गुगेनहाइममध्ये त्यांचं प्रदर्शन भरलं तेव्हा सहा लाखांवर लोक आले. पुतण्या तोवर कधीच गेला होता. भाचा हे ऐकून म्हणाला, "म्हणजे माझ्या हयातीत काही होईलच असं नाही." नाही, असंच मी सांगितलं.

प्रत्यक्ष काम

पावसाळ्यात पुण्याची हवा दमट, आणि बंद घर म्हणजे बुरशीला आवताण. आर्द्रता सत्तर टक्क्यांच्या वर राहिली की कॅनव्हासवर बुरशी धरते. काही चित्रांच्या मागे पांढरे-हिरवे ठिपके होतेच. घरच्यांनी काळजीपोटी केलेल्या दोन गोष्टी आधी थांबवल्या: प्लास्टिकमध्ये गुंडाळणं आणि ओल्या फडक्याने पुसणं. प्लास्टिकमध्ये ओल कोंडते आणि ओल्या फडक्याने सुटत आलेला रंग हातात येतो. बुरशी धरलेली चित्रं वेगळ्या खोलीत, पंख्याखाली, उन्हात नाही, आणि पूर्ण कोरडी झाल्यावर गच्चीवर, तोंडाला मास्क लावून, मऊ ब्रशने झटकली. रंगाचे पापुद्रे सुटलेल्या सात-आठ चित्रांना हातच लावला नाही. ती दुरुस्तीतज्ज्ञाचं काम. बाकीची भिंतीपासून सुटी, फळ्यांवर उभी, पाठीला पाठ आणि तोंडाला तोंड. एकावर एक आडवी कधीच नाहीत. चौकटीतून निघालेले तीन मोठे कॅनव्हास जाड नळकांड्यावर, रंगाची बाजू बाहेर ठेवून गुंडाळले. लोक नेहमी उलटं करतात, चित्र सुरक्षित राहावं म्हणून रंग आत, आणि त्याने रंग चिरडून तडकतो.

मग यादी. प्रत्येक चित्राला क्रमांक, तो चौकटीच्या लाकडावर पेन्सिलीने, कॅनव्हासवर कधीच नाही. पुढून फोटो, मागून फोटो, सहीचा फोटो. माप, माध्यम, अवस्था. मागच्या बाजूचा फोटो काढायला भाचा कंटाळायचा, पण खरी माहिती तिथेच मिळाली: फ्रेमवाल्याच्या जुन्या चिठ्ठ्या, एका समूह प्रदर्शनाचा क्रमांक, मुंबईच्या जहांगीर कलादालनातल्या प्रदर्शनाची किंमतपट्टी. एका चित्रामागे शाळेच्या उत्तरपत्रिकेचा कागद चिकटवलेला होता.

तारखा मात्र बहुतेकांवर नव्हत्या, शीर्षकंही नव्हती. हा त्रास अभ्यासकांना मोठ्या चित्रकारांच्या बाबतीतही होतो. नसरीन मोहमदी १९९० मध्ये किहीमला गेल्या. त्यांच्या रेषांच्या कामांवर बहुधा ना नाव ना साल. त्यांची क्रमवारी लावताना रोजनिश्यांचा आधार घ्यावा लागतो. बरव्यांच्याही वह्या आणि रोजनिश्या जपल्या गेल्या, म्हणून त्यांचा विचार कसा पुढे सरकला हे आज वाचता येतं. म्हणून या घरातही मी सगळ्यात आधी वह्यांचं कपाट हलवायला लावलं, चित्रांच्याही आधी. वह्या रद्दीत जायची शक्यता सगळ्यात जास्त असते. बाजाराच्या यादीशेजारी रंगाचा हिशेब, मध्येच एका भिंतीचं रेखाटन, मध्येच "आज शाळेत तपासणी". घरच्यांना त्यात काही दिसलं नव्हतं.

काय ठरलं

मोठ्या संस्थांना विचारलं. सगळं जसंच्या तसं कुणी घेत नाही, आणि त्यात त्यांचं चूक नाही. जागा, माणसं, देखभाल यांचा खर्च कायमचा असतो. यादी, फोटो आणि निवड हातात असली की निदान बोलणं सुरू होतं.

शेवटी दोघा वारसांनी एका साध्या करारावर सह्या केल्या. छत्तीस कॅनव्हास आणि सगळ्या वह्या हा एक अखंड संच, तो विकायचा किंवा वाटायचा नाही, सध्या काकांच्या घरी एका खोलीत. निवड माझी एकटीची नको म्हणून दोन चित्रकारांकडूनही करून घेतली. तिघांच्या याद्यांत एकवीस चित्रं समान निघाली, बाकीची चर्चा करून भरली. उरलेल्यांपैकी नातेवाइकांनी हवी ती घ्यावीत, पण क्रमांकासह, आणि चित्र कुणाकडे आहे याची नोंद भाच्याकडे राहील. न्यू जर्सीला आठ गेली. विक्रीचा निर्णय दोघांच्या सहीशिवाय होणार नाही. छापण्याची परवानगी कुणी मागितली तर तीही दोघांची.

आईच्या चित्रावर बरीच बोलणी झाली. दोन्ही चित्रकारांच्या मते ते संचात असायलाच हवं, कारण त्यात आत्याला चेहरा किती चांगला जमत होता हे दिसतं, आणि पुढे तिने तो सोडला हे समजतं. मावशी ऐकेनात. मग ते त्यांच्याकडेच ठेवलं. संचातला क्रमांक एक त्याला दिला, आणि प्रदर्शनासाठी मागितलं तर ते द्यायचं असं मावशींनी स्वतःच्या हाताने करारात लिहून दिलं. मला हा निकाल योग्य वाटतो. जोहानाच्या घरीही काही चित्रं शेवटपर्यंत भिंतीवरच होती.

खर्च आलाच: फळ्या, कागद, दुरुस्तीतज्ज्ञाची फी, फोटोंसाठी हार्ड डिस्क. बहुतेक भाच्याने केला. बुरशीने खाल्लेली कागदावरची काही कामं वाचवता आली नाहीत, तीही फोटो काढून यादीत ठेवली, "नष्ट" अशा शेऱ्यासह.

घर रिकामं करून वेळेत दिलं. भाचा आता शनिवारी वह्या वाचून टंकलिखित करतो. १९७४ च्या एका वहीत त्याला शनिवार पेठेतल्या एका वाड्याच्या मागच्या भिंतीचं रेखाटन आणि खाली "मोठा कॅनव्हास सुरू, राखाडीत थोडा गेरू" अशी ओळ सापडली. त्यावरून चार बिनतारखेच्या चित्रांचं साल लागलं. काकांना तो वाडा कुणाचा होता ते आठवलं आणि त्यांनी ते भाच्याला लिहून घ्यायला सांगितलं. वह्यांचा निम्म्याहून अधिक खण अजून वाचायचा आहे.